चालली नाही ती कातडी

नाटक कळणाऱ्या समाजाला माणूस कळतोच असे नाही. पुरावा हवा असेल तर पॉलीन हेन्रिक्स या ब्रिटिश अभिनेत्रीची सुरुवातीची वर्षे पाहा.

1914 साली जमैकात जन्मलेली ही मुलगी 1919 मध्ये घरच्यांबरोबर लंडनला आली आणि तिथेच वाढली. पुढे तिथल्याच एका नामांकित नाट्यशाळेत तिने प्रवेश घेतला. तिथे तिच्या वाट्याला ‘मॅकबेथ’ नाटकातली राणी, लेडी मॅकबेथ आली. पण आधी रंगपटात बसून काळ्या चेहऱ्यावर पांढरा रंग थापायचा आणि मगच रंगमंचावर पाऊल टाकायचे! वाणी तिची चालली, अभिनय चालला. कातडी तेवढी चालली नाही. त्याच नाटकातल्या चेटकिणी आणि भुते ज्या प्रेक्षकाला बिनबोभाट पटतात, त्याला काळी राणी पटणार नाही, हे शहाण्यांनी परस्पर ठरवून टाकले होते.

1946 मध्ये बीबीसीच्या दूरचित्रवाणीवर युजीन ओनीलचे ‘ऑल गॉड्स चिलन गॉट विंग्ज’ सादर झाले. त्यात पॉलीन होती. ब्रिटिश छोट्या पडद्यावरच्या अगदी पहिल्या कृष्णवर्णीय अभिनेत्रींपैकी ती एक. पण नाटकाचा विषय कोणता? काळा नवरा, गोरी बायको आणि त्यांच्यामधला वर्णद्वेष. म्हणजे स्वतःच्या चेहऱ्याने यायचे, तर त्या चेहऱ्याचे दुःख सांगण्यापुरतेच!

‘तेव्हाची रीतच तशी होती’ म्हणून हात झटकणाऱ्यांना विचारावेसे वाटते, रीत बदलली कधी? 1965 च्या ‘ऑथेल्लो’ चित्रपटात लॉरेन्स ऑलिव्हिए अंगभर काळा रंग फासून उभा राहिला, तेव्हा ती कला ठरली आणि तिला ऑस्करचे नामांकन मिळाले. गोऱ्या गायकांची तोंडे काळी करणारा ‘ब्लॅक अँड व्हाइट मिन्स्ट्रेल शो’ बीबीसीने 1958 पासून 1978 पर्यंत दाखवला. गोऱ्याने काळे होणे ही करमणूक. काळीने गोरे होणे ही कामाची अट. नोकरी देताना वर्णभेद करणे ब्रिटनमध्ये 1968 पर्यंत बेकायदासुद्धा नव्हते.

पॉलीन पुढे समाजकार्याकडे वळली आणि 1966 मध्ये ब्रिटनची पहिली कृष्णवर्णीय महिला दंडाधिकारी झाली. तिच्यासमोर आरोपी उभे राहिले. पण तिच्या तोंडाला रंग फासायला लावणारा समाज कधीच पिंजऱ्यात उभा राहिला नाही. रंगाची डबी हातात देणारे दोषी आहेतच. पण तिकीट काढून, टाळ्या वाजवून, स्वतःला रसिक म्हणवत घरी गेलेले त्यांच्याहून दोषी आहेत. कारण ही मागणी त्यांच्याच नावाने केली गेली होती आणि त्यांच्यापैकी कुणीही ती नाकारली नाही.