शिपायाची साक्ष कोणी घेतली?

रत्नागिरी जिल्ह्याच्या लांजे तालुक्यातील कोट हे झाशीच्या नेवाळकर घराण्याचे मूळ गाव. राणी लक्ष्मीबाईंच्या सासरची मुळे या जांभ्याच्या मुलखात आहेत, याचा जिल्ह्याला अभिमान वाटतो, आणि तो सार्थ आहे. जयंती-पुण्यतिथीला हार घातले जातात, शाळांतून भाषणे होतात. परंतु या अभिमानाला एक दुसरी बाजू आहे आणि व्यासपीठावरून तिचा उच्चार सहसा होत नाही. ३ एप्रिल १८५८ रोजी झाशीच्या तटाला शिड्या लागल्या, तेव्हा कोकण जसे तटाच्या आत होते तसे ते तटाच्या बाहेरही होते. सर ह्यू रोज याच्या सैन्यात गोऱ्या पलटणींच्या बरोबरीने मुंबई फौजेच्या २४ व्या आणि २५ व्या देशी पायदळ पलटणी होत्या. आणि मुंबई फौजेचे पायदळ ज्या मुलखांतून पिढ्यान्‌पिढ्या भरले जाई, त्यांत रत्नागिरीचे नाव अग्रभागी होते. इंग्रज सरकारचे गॅझेटियरसुद्धा या जिल्ह्याकडे पाहते ते शिपाई पुरवणारा मुलूख म्हणूनच.

त्या दिवशी झाशीत जे घडले त्याला केवळ किल्ल्याची लढाई म्हणता येणार नाही. एका जुन्या, भरवस्तीच्या, श्रीमंत शहराच्या गल्लीबोळांतून घरोघर चाललेले ते युद्ध होते. डाव्या बाजूचा हल्ला ८६ वी इंग्रज पलटण आणि २५ वी देशी पलटण यांनी तटाच्या खिंडारातून केला. उजव्या बाजूला शिड्या आखूड पडल्या, काही मोडल्या, आणि माथ्यावर पोहोचलेले अधिकारी तिथेच कापले गेले. तट ओलांडल्यावर लढाई संपली नाही, खऱ्या अर्थाने ती तेव्हा सुरू झाली. राजवाड्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर दोन्हीकडच्या घरांतून गोळ्या येत होत्या. प्रत्येक दार फोडावे लागत होते आणि दारामागे हत्यारबंद पठाण आहे की भेदरलेले कुटुंब, हे दार फुटल्यावाचून कळत नव्हते. राजवाड्याच्या तबेल्यात राणीचे अंगरक्षक आगीच्या धुरातही शेवटपर्यंत लढले. राणी ४ एप्रिलच्या रात्री निसटली, दुसऱ्या दिवशी किल्ला रिकामा सापडला, तरी शहरातील कत्तल आणि लूट चालूच राहिली. इंग्रज इतिहासकारांनीच झाशीच्या बाजूच्या मृतांचा आकडा सुमारे ५००० दिला आहे. त्यांचे स्वतःचे मृत आणि जखमी मिळून साडेतीनशेच्या आत आहेत. जून १८५७ मध्ये झाशीत शरण आलेल्या सुमारे साठ इंग्रज स्त्री-पुरुष-मुलांची हत्या झाली होती, हे खरे आणि ते निंद्यच होते. परंतु ज्या विणकराला, हलवायाला आणि सोनाराला या सुडाची किंमत मोजावी लागली, त्याचा त्या हत्येशी काय संबंध होता?

आता प्रश्न असा की, ही हकीगत आज कोणाच्या तोंडून ऐकावयास मिळते? मद्रास सॅपर्सबरोबर असलेला डॉक्टर थॉमस लो आणि याच मोहिमेतील दुसरा डॉक्टर सिल्व्हेस्टर, या दोघांची पुस्तके १८६० मध्येच छापून झाली. रोजचे अहवाल सरकारी दफ्तरात जपले गेले. तटाच्या आतल्या बाजूची मराठी साक्ष आहे ती वरसईच्या विष्णुभट गोडसे यांची. यज्ञाच्या दक्षिणेसाठी उत्तरेकडे निघालेला हा गरीब भिक्षुक वेढ्यात सापडला. घरांतून चाललेली कत्तल, क्रमाक्रमाने झालेली लूट आणि राजवाड्यातील ग्रंथसंग्रहाचा नाश त्याने पुढे लिहून ठेवला. तो ग्रंथ १९०७ मध्ये चिंतामणराव वैद्यांनी प्रसिद्ध केला, तोही हात फिरवून. मूळ संहिता दत्तो वामन पोतदारांनी प्रकाशात आणेपर्यंत १९६६ साल उजाडले. म्हणजे अधिकाऱ्याची साक्ष दोन वर्षांत बाजारात आली, भिक्षुकाची पन्नास वर्षांनी. आणि २५ व्या पलटणीतून खिंडारात शिरलेल्या शिपायाची? त्याची बखर मराठी वाचकाच्या हाती कधीच आली नाही. दार फोडणाऱ्याला काय दिसले, घराच्या आतून आपल्याच बोलीतला आक्रोश कानी आला तेव्हा त्याचा हात थांबला की नाही, रात्री तो काय बोलला, याची एक ओळ शिल्लक नाही.

यावर पहिले ठरीव उत्तर असे की, शिपाई निरक्षर होता. हे उत्तर सोयीचे आहे, पण अपुरे आहे. १८५८ चा शिपाई बहुधा निरक्षर असेल, पण याच फौजेत पुढे शिपायांसाठी व त्यांच्या मुलांसाठी शाळा चालत. मंडणगड तालुक्यातील आंबडव्याचे सुभेदार रामजी सकपाळ महूच्या लष्करी शाळेत मुख्याध्यापक होते. १८८६ मध्ये लष्करातून निवृत्त होऊन दापोलीस राहिलेले गोपाळबाबा वलंगकर यांनी वृत्तपत्रांतून निर्भीडपणे लिहिले आणि १८८८ मध्ये ‘विटाळ विध्वंसन’ प्रसिद्ध केले. दापोली त्या काळी निवृत्त शिपायांची वसाहतच होती. झाशी, दिल्ली, लखनौ पाहिलेले वृद्ध जिवंत असतानाच्या या गोष्टी आहेत. लिहिणारे हात गावात होते आणि सांगणारी तोंडेही गावातच होती. उणीव होती ती विचारणाऱ्याची. पुण्या-मुंबईच्या विद्वानांनी जुनी दप्तरे धुंडाळली, ताम्रपट वाचले. परंतु महारवाड्यातल्या अथवा कुळवाड्याच्या ओटीवर बसलेल्या पेन्शनराला ‘बाबा, तू काय पाहिलेस?’ असे विचारण्यास कोणी फिरकला नाही.

दुसरे उत्तर अधिक उर्मट आहे, आणि ते पुरोगामी म्हणवणाऱ्या मंडळींकडूनही ऐकू येते. तो शिपाई भाडोत्री होता, परक्यांच्या पगारावर स्वकीयांना मारत होता, त्याच्या आठवणींचे मोल ते काय, असे हे मंडळ म्हणते. भाडोत्री हा शब्द उच्चारण्यापूर्वी भाडे कशाचे आणि ते देणे कोणी भाग पाडले, हे अर्थशास्त्र समजून घ्यावयास हवे. रत्नागिरी हा डोंगरउताराचा, भातखाचरांचा, तुटपुंज्या जमिनीचा जिल्हा. त्यातील बहुसंख्य गावे खोती. कुळाने राबावे, पिकाचा अर्धा अगर तिसरा हिस्सा खोताच्या घरी घालावा, वर वेठ करावी, आणि पावसाळ्याच्या तोंडाला त्याच खोताकडून दाणे उसने आणावेत, असा हा क्रम. महाराला तर जमिनीचे कूळ म्हणूनही धड स्थान नव्हते. अशा घरातील तरुणासमोर महिना सात रुपयांची रोख नोकरी आणि म्हातारपणी पेन्शन ठेवले, तर त्याच्या होकाराला मुक्त निवड म्हणणे हा मिठाईवाल्याने उपाशी माणसाला केलेला उपदेश आहे. ज्या व्यवस्थेने त्याला झाशीच्या खिंडारात उभे केले ती व्यवस्था कलकत्त्यात आणि लंडनमध्ये होती हे खरे. पण तिचे एक टोक त्याच्याच गावातल्या खोताच्या ओसरीवर होते. ती ओसरी निर्दोष सोडावयाची आणि शिपायाला देशद्रोही ठरवावयाचे, ही इतिहासाची कोणती रीत?

शिवाय हा शिपाई केवळ हुकमाचा ताबेदार होता, हेही खरे नाही. जुलै १८५७ च्या अखेरीस कोल्हापुरात २७ व्या मुंबई देशी पलटणीने बंड केले आणि ते निर्दयपणे मोडले गेले. तिची एक तुकडी खुद्द रत्नागिरीत होती. म्हणजे एकाच मुंबई फौजेतील काही शिपाई तोफेच्या तोंडी गेले आणि काही झाशीच्या तटावर चढले. या दोन वाटा ज्या माणसांसमोर एका वर्षात उभ्या राहिल्या, त्यांच्या मनातील द्वंद्व कोणत्याही नाटकातल्या द्वंद्वाहून कमी नव्हते. ते ऐकण्याची तसदी ना सरकारने घेतली, ना समाजाने.

सरकारने त्याला काय दिले तेही पाहावे. झाशीच्या हल्ल्यातील शौर्याबद्दल ८६ व्या पलटणीतील अधिकाऱ्यांना आणि साध्या सोजिरांनाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाले. त्याच हल्ल्यात त्यांच्या खांद्याला खांदा लावून असलेला देशी शिपाई त्या पदकास पात्रच नव्हता. ती पात्रता हिंदी सैनिकाला १९११ मध्ये मिळाली, म्हणजे झाशीनंतर ५३ वर्षांनी. दरम्यान ‘लढाऊ जाती’ नावाचे शास्त्र निघाले. शतक संपण्याच्या सुमारास २४ वी पलटण बलुचिस्तानची म्हणून नव्याने घडवली गेली आणि महारांची भरती बंद झाली. ज्यांनी साम्राज्य उभारून दिले ते एका रात्रीत ‘अलढाऊ’ ठरले. दापोलीच्या पेन्शनरांना आपल्या मुलांच्या भरतीसाठी सरकारच्या दारात अर्ज घेऊन उभे राहावे लागले. सांगणाऱ्याला पलटणीबाहेर काढले की त्याची गोष्टही पलटणीच्या इतिहासाबाहेर जाते.

हे सारे परकीय सत्तेचे पाप, असे म्हणून हात झटकता आले असते तर बरे झाले असते. परंतु स्वतंत्र भारताची वागणूक फार निराळी आहे काय? ऑक्टोबर १९८७ मध्ये भारतीय शांतिसेना जाफन्यात शिरली. जाफना म्हणजे तमिळ राजवटीची जुनी राजधानी, डचांच्या किल्ल्याचे शहर. काही दिवसांत संपेल म्हणून सांगितलेली लढाई गल्लोगल्ली पेरलेल्या सुरुंगांतून पुढे सरकत राहिली. विद्यापीठाच्या मैदानावर हेलिकॉप्टरने उतरवलेली शीख जवानांची एक तुकडी जवळजवळ सगळीच्या सगळी कापली गेली. त्याच महिन्यात जाफन्याच्या रुग्णालयात शिरलेल्या भारतीय सैनिकांच्या गोळीबारात डॉक्टर, परिचारिका आणि रुग्ण मारले गेले. हे दुतर्फा गोळीबारात घडले, असे सैन्याच्या बाजूने सांगण्यात आले. श्रीलंकेतील या मोहिमेत अकराशेहून अधिक भारतीय जवान मरण पावले. महार रेजिमेंटची ८ वी पलटणही तेथे होती. त्या गल्ल्यांतून चाललेले जवान आता साठी-सत्तरीला आले आहेत. सेनापतींची पुस्तके निघाली, राजदूतांची निघाली. जवानाची साक्ष मात्र गावातल्या पारावर विरून जात आहे. ती घेतली जात नाही तोवर रुग्णालयातील मृतांनाही न्याय नाही आणि जवानालाही नाही. कारण शहरातल्या युद्धात मारणारा आणि मरणारा यांच्यामध्ये एका भिंतीचे अंतर असते, आणि भिंतीच्या एकाच बाजूचा इतिहास हा इतिहासच नव्हे.

२०२१ मध्ये संरक्षण मंत्रालयाने युद्ध-इतिहास आणि अभिलेख यांविषयीचे धोरण जाहीर केले. मोहीम संपल्यावर पाच वर्षांत तिचा इतिहास सिद्ध करावा आणि अभिलेख सर्वसाधारणपणे २५ वर्षांत खुले करावेत, असे त्यात म्हटले आहे. धोरण स्वागतार्ह आहे. परंतु त्याची भिस्त युद्धडायऱ्या, अहवाल आणि पत्रव्यवहार यांवर आहे. म्हणजे कागद पुन्हा अधिकाऱ्याचाच. १९४२-४३ च्या हिवाळ्यात स्टालिनग्राडच्या ढिगाऱ्यांत लढाई चालू असतानाच इतिहासकार आयझॅक मिंट्स यांच्या आयोगाने लघुलेखक पाठवून साध्या सैनिकांच्या आणि परिचारिकांच्या मुलाखती टिपून घेतल्या. त्यातले बोलणे सत्तेच्या साच्यात बसेना, म्हणून सोव्हिएत राजवटीने ते दफ्तरात कोंडले आणि जगापुढे ते सविस्तर आले एकविसाव्या शतकात. या उदाहरणातून धडे दोन निघतात. शिपायाला विचारणे युद्धाच्या धुमश्चक्रीतही शक्य असते. आणि त्याने दिलेले उत्तर कोणत्याही सत्तेला, लाल निशाणाखालच्या सत्तेलाही, झोंबते.

आता तर साक्षीदाराचा पायाच खणून काढण्याचे काम चालू आहे. दापोलीत वलंगकर उभे राहू शकले, आंबडव्याच्या सुभेदाराला आपल्या मुलाला शिकवता आले, याच्या मुळाशी पेन्शन नावाची क्षुल्लक दिसणारी रक्कम होती. त्या रकमेने खोताच्या ओसरीवर न जाता जगण्याची आणि म्हणून निर्भयपणे बोलण्याची सोय केली. पुढे त्याच सुभेदाराच्या मुलाने, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी, १९३७ मध्ये मुंबई विधिमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले, ही गोष्ट योगायोगाची नव्हे. २०२२ च्या अग्निपथ योजनेने शिपाई चार वर्षांचा केला. शंभरांतील फार तर पंचवीस सेवेत राहावयाचे, उरलेल्यांनी एकरकमी निधी घेऊन घरी जावयाचे, आणि पेन्शन नाही. खर्चाच्या ताळेबंदात हा बदल काटकसरीचा दिसेल. पण पंचविशीत पुन्हा नोकरीच्या रांगेत उभा राहिलेला तरुण युद्धाविषयी खरे बोलण्याची जोखीम घेईल काय? साक्ष देण्यासाठी जिभेइतकीच भाकरीचीही शाश्वती लागते.

म्हणून मागणी साधी आहे. रत्नागिरीत जिल्हा सैनिक कल्याण कार्यालय आहे, महाविद्यालये आहेत, इतिहास शिकणारी मुले आहेत. तालुक्या-तालुक्यातील निवृत्त जवानांच्या हकीगती त्यांच्याच बोलीत, त्यांना अडचणीत न आणता, नोंदवून घेण्याचे काम सुरू व्हावे. जाफन्यात तुम्ही कोणते दार फोडलेत आणि आत काय होते, हे विचारण्याचे धैर्य विचारणाऱ्याने दाखवावे, आणि सांगणाऱ्याला कोणी देशद्रोही म्हणणार नाही याची हमी समाजाने घ्यावी. सैनिकाच्या पेन्शनचा प्रश्न हा इतिहासाचाही प्रश्न आहे, हे डाव्या चळवळीने मान्य करून तो कामगाराच्या प्रश्नाइतक्याच निष्ठेने लढवावा. राणीच्या पुतळ्याला हार घालण्यास कोणाचाच विरोध नाही. परंतु तिच्या शहराच्या तटावर दुसऱ्या बाजूने चढलेला रत्नागिरीचा अनामिक शिपाईही याच जिल्ह्याचा होता. त्याला विचारायचे राहून गेले ते राहूनच गेले. जे अजून जिवंत आहेत त्यांच्या बाबतीत तरी तसे होऊ नये.