काडतुसांची मोजदाद आणि राज्यांच्या हद्दी

सोलापूरच्या भवानी पेठेतून निघालेला प्रवासी अक्कलकोट मागे टाकून कर्नाटकात शिरतो, तेव्हा पाट्यांची लिपी बदलते, मद्यावरील कर बदलतो आणि बसचे भाडेही बदलते. महाराष्ट्रात एस. टी.ने जाणाऱ्या स्त्रीला २०२३ पासून अर्धे तिकीट पडते. त्याच वर्षी कर्नाटकाने आपल्या राज्यातील स्त्रियांना साध्या बसगाड्यांतून विनामूल्य प्रवास दिला. एक गोष्ट मात्र हद्दीवर बदलत नाही. विनापरवाना पिस्तूल बाळगणे अलीकडे गुन्हा आहे, तसाच पलीकडेही आहे, आणि तोही १९५९ च्या एकाच शस्त्र अधिनियमाखाली. घटनाकारांनी शस्त्रास्त्रे, दारूगोळा व स्फोटके हा विषय केंद्रसूचीत घातला, त्याचे हे फळ आहे. त्याचे मोल कळण्यासाठी अमेरिकेकडे पाहावे लागते.

मॅगझिन म्हटले की मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे दिवाळी अंक येतो, हे त्याचे भाग्यच. तिकडे तो शब्द बंदुकीला जोडावयाच्या काडतुसांच्या पेटीसाठी वापरला जातो आणि त्या पेटीत किती काडतुसे असावीत, यावर राज्याराज्यांत एकमत नाही. कॅलिफोर्निया व न्यूयॉर्कमध्ये मर्यादा दहाची आहे. न्यू जर्सीत ती पंधरा होती, २०१८ मध्ये दहावर आली. कोलोरॅडोत पंधरा, डेलावेअरमध्ये सतरा. इलिनॉयने तर लांब बंदुकीला दहा आणि पिस्तुलाला पंधरा असा भेद केला आहे. टेक्सास, ॲरिझोना व नेवाडा येथे मर्यादाच नाही. १९९४ मध्ये संपूर्ण देशासाठी दहाची मर्यादा घालण्यात आली होती. परंतु त्या कायद्याला दहा वर्षांची मुदत होती आणि २००४ मध्ये ती संपल्यावर तो पुन्हा उभा राहिला नाही. सोलापूरकराचा एक मुलगा न्यू जर्सीत व दुसरा टेक्सासात असेल, तर एका भावाकडे गुन्हा ठरणारी वस्तू दुसऱ्याच्या गावच्या दुकानात उघड विकली जाते.

काडतुसे मोजून काय साधते, असा प्रश्न विचारला जातो. दहाची पेटी संपली की दुसरी लावता येतेच, हे खरे आहे. परंतु ती लावण्यास काही क्षण लागतात आणि त्या क्षणांची किंमत ॲरिझोनातील टुसॉन शहराने जाणली आहे. जानेवारी २०११ मध्ये संसद सदस्या गॅब्रिएल गिफर्ड्स यांच्या सभेत शिरलेल्या हल्लेखोराच्या पेटीत तेहतीस काडतुसे होती. सहा माणसे प्राणास मुकली. हल्लेखोर पेटी बदलू लागला तेव्हाच जमलेल्या लोकांनी त्याच्यावर झडप घातली. ही संधी तेहतीस गोळ्यांनंतर आली. ती दहांनंतर आली असती तर काय घडले असते, याचा विचार करणे कठीण नाही.

मर्यादा घालणाऱ्या राज्याचे दुर्दैव निराळेच आहे. जुलै २०१९ मध्ये कॅलिफोर्नियातील गिलरॉय येथे लसणाच्या जत्रेत तिघांचा बळी घेणाऱ्या तरुणाने आपली रायफल शेजारच्या नेवाडातून विकत आणली होती. त्याच्यापाशी पंचाहत्तर काडतुसांची पेटी सापडली. कॅलिफोर्नियाचा कायदा कडक होता, पण तो राज्याच्या हद्दीपुरताच.

भारताने ही वाट घेतली नाही, ती अनवधानाने नव्हे. १९३१ च्या कराची ठरावात काँग्रेसने नियमांच्या अधीन राहून शस्त्र बाळगण्याचा नागरिकाचा हक्क मान्य केला होता. त्याच वर्षाच्या आरंभी सोलापूरने आपले चार हुतात्मे फासावर जाताना पाहिले होते. परकी सत्तेने निःशस्त्र केलेल्या समाजाला तो ठराव स्वाभाविक वाटला असणार. परंतु डिसेंबर १९४८ मध्ये ह. वि. कामत यांनी हा हक्क घटनेत घालण्याची सूचना मांडली, तेव्हा डॉ. आंबेडकरांनी तिला विरोध केला आणि ती फेटाळली गेली. आज येथे बंधन आहे ते माणसावर व शस्त्राच्या प्रकारावर. कोणी किती काडतुसे घ्यावीत, हेही परवान्यावरच लिहिलेले असते. २०१९ च्या दुरुस्तीने एका व्यक्तीला तीनऐवजी दोनच शस्त्रांची मुभा ठेवली.

तथापि कायदा एक असला तरी परवान्यावर सही करणारे हात एक नाहीत. २०१६ अखेर देशातील सुमारे ३३ लाख ६९ हजार परवान्यांपैकी १२ लाख ७७ हजार एकट्या उत्तर प्रदेशात होते. जम्मू-काश्मीरची कथा अधिक गंभीर आहे. तेथे २०१२ ते २०१६ या काळात परप्रांतीयांना नियम डावलून परवाने वाटल्याचा प्रकार राजस्थान पोलिसांच्या दहशतवादविरोधी पथकाने २०१७ मध्ये उघडकीस आणला. पुढे तपास सी.बी.आय.कडे गेला आणि संशयास्पद परवान्यांचा आकडा पावणेतीन लाखांच्या वर सांगितला गेला. नेवाडाचे काम येथे कायद्याने नव्हे, कचेरीने केले.

परवान्यांची राष्ट्रीय नोंद आता संगणकावर आहे आणि प्रत्येक परवान्याला स्वतंत्र क्रमांक आहे. परंतु क्रमांक अस्तित्वात असणे आणि तो वेळीच पडताळला जाणे या दोन गोष्टी भिन्न आहेत. भवानी पेठेत नव्याने राहावयास आलेल्या माणसाने दूरच्या राज्यातील परवाना पुढे केला, तर तो खरा की खोटा आणि महाराष्ट्रात वैध की अवैध, हे स्थानिक पोलीस ठाण्याला त्याच दिवशी कळले पाहिजे. गोळी सुटल्यानंतर दिल्लीशी पत्रव्यवहार करून नव्हे.