अपील काढून घेऊ नका, तडजोड नोंदवा

भावकीतला जुना वाद जिल्हा न्यायालयात अपिलाच्या टप्प्यावर मिटतो, तेव्हा पुष्कळदा ‘आपसात मिटले आहे, अपील काढून घेत आहे’ एवढीच पुरसीस दिली जाते. ही सवय आपण सोडलीच पाहिजे. अपील काढून घेतले की खालच्या न्यायालयाचा हुकूमनामा जसाच्या तसा उभा राहतो. बाहेर स्टँपपेपरवर काहीही ठरलेले असो, समोरच्याचे वारस बारा वर्षांच्या आत दरखास्त लावू शकतात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21 नियम 2 प्रमाणे न्यायालयात न नोंदवलेली तडजोड दरखास्तीत विचारात घेता येत नाही. भावावर विश्वास ठेवून ज्याने पैसे मोजले, त्याच्याच दारात मग बेलिफ येतो.

संहितेच्या कलम 107 मुळे अपील न्यायालयालाही आदेश 23 नियम 3 खाली तडजोडीचा हुकूमनामा करता येतो. 1976 च्या दुरुस्तीपासून तडजोड लेखी आणि सहीनिशी हवी. बायराम पेस्तनजी गरीवाला प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वकिलाची सही चालते असे म्हटले असले, तरी सही पक्षकाराचीच घ्यावी, असे आमचे ठाम मत आहे. खालचा हुकूमनामा रद्द होतो की त्यात बदल होतो, हे तडजोडनाम्याच्या पहिल्याच कलमात यावे. मयताचे वारस आणि बहिणी अभिलेखावर आहेत का, तेही पाहावे. वगळलेली बहीण या हुकूमनाम्याने बांधली जात नाही. दाव्याबाहेरची जमीन तडजोडीत घातली, तर नोंदणी कायद्याचे कलम 17 आड येऊ शकते.

खरे घोडे अडते ते पाण्यापाशी. सांगोला-मंगळवेढ्याच्या माळावर ‘विहिरीचे पाणी वहिवाटीप्रमाणे घ्यावे’ असे लिहिणे म्हणजे पुढच्या दाव्याची पेरणी. पाळी कोणत्या वारी, किती तास, वीजजोडणी कोणाच्या नावे, बिल कोण भरणार, पाइपलाइन कोणत्या बांधाने जाणार, गाळ काढण्याचा खर्च कसा वाटायचा, हे सगळे लिहा. गाडीवाटेची रुंदी फुटांत द्या, जमले तर हातनकाशा जोडून त्यावरही सह्या घ्या. एवढ्यासाठी एक तारीख जास्त गेली तरी चालेल.

कारण तडजोड नोंदवल्यानंतर मागे फिरणे अवघड आहे. संहितेचे कलम 96(3) अपिलाची वाट बंद करते, आदेश 23 नियम 3अ नव्या दाव्याची. तडजोडच बेकायदा होती असे म्हणायचे, तर ती नोंदवणाऱ्या न्यायालयातच जावे लागते.

18 ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाचे कोल्हापूरचे सर्किट बेंच सुरू झाल्याने आपल्या सोलापूर जिल्ह्यातली दुसरी अपिले आता मुंबईऐवजी तिथे जातात. अंतर कमी झाले, हे चांगलेच झाले. तरीही मिटवायचे ते सोलापुरातच मिटवावे. जमीन, साक्षीदार, घरातली वडीलधारी माणसे, सगळे इथेच आहेत.

भाषेचेही पाहा: अक्कलकोटच्या पक्षकाराला मराठी तडजोडनामा कन्नडमध्ये, सोलापूरच्या पूर्वभागातल्या विणकराला तेलुगूत समजावून सांगा, मगच सही किंवा अंगठा घ्या, आणि तसे केल्याची नोंद खाली करा.