वाडा पाहायचा, पण कुणाच्या खर्चाने?

रविवारी सकाळी नाशिकच्या सराफ बाजारात दुकाने बंद असतात आणि मग पाट्यांच्या वरचे मजले दिसू लागतात. कोरीव लाकडी घोड्यांवर तोललेले सज्जे, महिरपीच्या खिडक्या, कुठे गजांवर वाळत घातलेले धुणे. एरवी तिकडे मान वर करून पाहायला कुणाला सवड नसते. अलीकडे नेमक्या याच वेळी वीस-पंचवीस जणांचा घोळका या बोळांतून हिंडताना आढळतो. पायांत बूट, हातात मोबाइल, पुढे एक तरुण वास्तुविशारद. याला ‘हेरिटेज वॉक’ म्हणतात. ज्या गावात माणूस जन्मला, शिकला, ज्या बाजारात त्याच्या आजीने अडीनडीला पाटल्या मोडल्या, तेच गाव तो आता पैसे भरून, माहीतगाराच्या मागून फिरत पाहतो. मला यात थट्टेचे काही वाटत नाही. उशिरा का होईना, गाव स्वतःकडे पाहू लागले याचे बरेच वाटते. गेल्या हिवाळ्यात नातीचा हट्ट म्हणून मीही एकलहऱ्याहून पहाटेच निघून या घोळक्यात सामील झालो.

फेरी तीन तासांची. सुरुवात सरकारवाड्यापासून. पेशव्यांची ही वास्तू आज राज्य संरक्षित स्मारक आहे. गोदावरीला पूर आला की ‘सरकारवाड्याच्या पायरीला पाणी लागलं का?’ असे जुने नाशिककर अजून विचारतात. 1969 आणि 2008 हे दोन पूर त्यांच्या बोलण्यात हटकून येतात. तिथून भांडी बाजार, मग तीळभांडेश्वर गल्ली. सावरकर बंधूंचा मित्रमेळा इथला. 1904 साली त्याचीच ‘अभिनव भारत’ झाली. पुढे विजयानंद थिएटरची जागा. 21 डिसेंबर 1909 च्या रात्री ‘शारदा’ नाटकाच्या वेळी अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या त्या इथे. नदी ओलांडली की 1747 सालचे नारोशंकराचे देऊळ आणि वसईच्या 1739 च्या विजयाची आठवण सांगणारी त्याची घंटा. शेवटी काळाराम मंदिर. 2 मार्च 1930 रोजी डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली मंदिरप्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला तो याच दारात. दादासाहेब गायकवाडांनी तो पुढे काही वर्षे नेटाने चालवला. एका सकाळी पायी फिरून होईल एवढ्या जागेत एवढा इतिहास असणारी गावे महाराष्ट्रात फार नाहीत.

त्या तरुणाने सारे उत्तम सांगितले. परंतु देवळांची काळजी मला फारशी नाही. देवळाला विश्वस्त आहेत, सरकारवाड्याला पुरातत्त्व खाते आहे. काळजी आहे ती या दोहोंच्या मधल्या, नाव नसलेल्या वाड्यांची. रस्त्याची मुद्रा ठरते ती त्यांच्यामुळे, आणि त्यांना कुणीही नाही. अशाच एका वाड्याच्या देवडीत आम्ही शिरलो. चौकात तुळस, कडेला ओसरी, एका कोपऱ्याला लाकडी टेका दिलेला. ओसरीवर भाजी निवडत बसलेल्या आजींनी मोठ्या अगत्याने बोलावले. ‘‘या, बघा सावकाश. फोटो काढा. फक्त त्या तुळईखाली उभं राहू नका हं बाळ, ती बोलते.’’ नातीने विचारले, ‘‘आबा, तुळई बोलते म्हणजे?’’ रात्री लाकूड करकरते, हे तिला सांगितले. एवढे ऐकून मंडळी पुढच्या वाड्याकडे गेली. मला मात्र पुढच्या वास्तूत लक्ष घालता येईना. त्या तुळईचा खर्च कोण करणार, हा हिशेब डोक्यात सुरू झाला होता. बत्तीस वर्षे बँकेत घालवलेल्या माणसाची ही खोड आहे.

हिशेब असा. नोकरीची सात वर्षे मी जुन्या नाशिकमधल्या एका शाखेत कर्जविभागात होतो. तिथे वाड्याच्या दुरुस्तीसाठी कर्ज मागायला माणसे येत. बँक प्रथम मालकी पाहते. मिळकतपत्रिकेवर नाव असे आजोबांचे किंवा पणजोबांचे. वारस चौदा-पंधरा, त्यांतला एक इंदूरला, एक अमेरिकेत, दोघे एकमेकांशी न बोलणारे. सगळ्यांच्या सह्या आल्याच तर पुढची पायरी मूल्यांकनाची. मूल्यांकनकार इमारतीचे उरलेले आयुष्य काढतो. सागवानी सांगाडा, पांढऱ्या मातीची भिंत, वय दीडशे वर्षे म्हटल्यावर त्याच्या कोष्टकात बांधकामाची किंमत जवळजवळ शून्य येते. उरते ती जमिनीची. म्हणजे वाडा उभा आहे तोवर तारण म्हणून त्याला काडीचा भाव नाही. तोच पाडून रिकामा भूखंड केला की बिल्डर दारात उभा, आणि त्याच्यामागे कर्ज द्यायला बँकही उभी. शिवाय कर्ज थकले तर तारण विकता आले पाहिजे. भाडेकरूंनी भरलेला, वारसांत अडकलेला वाडा कोण विकत घेणार? प्रस्ताव नियमाप्रमाणे परत जाई. आज तोच प्रस्ताव कोणत्याही बँकेत नेला तर बहुधा तोच शेरा पडेल.

भाडेकरूंचा विषय नाजूक आहे, पण टाळता येण्यासारखा नाही. 1947 च्या मुंबई भाडेनियंत्रण कायद्याने भाडी गोठली. फाळणीच्या आणि टंचाईच्या त्या दिवसांत लाखो सामान्य कुटुंबांच्या डोक्यावर छप्पर राहिले ते त्यामुळेच. 2000 पासून लागू झालेल्या नव्या कायद्याने वर्षाला चार टक्के वाढ दिली. आता आकडा मांडून पाहा. दोन खोल्यांचे बारा रुपये भाडे चक्रवाढीने पंचवीस वर्षांत बत्तीस रुपये होते. सागवानाच्या एका घनफुटाला हजारो रुपये पडतात. मालक म्हणतो, मी का दुरुस्त करू? भाडेकरू म्हणतो, वाडा माझा नाही, मी का करू? दोघांचेही म्हणणे त्यांच्या जागी बरोबर आहे, आणि कौल बदलायचे राहून जातात.

आणि कौल राहिले की सारेच राहिले. वाडा पावसाने पडतो असे आपण वाचतो, ते अर्धेच खरे आहे. आधी छप्पर गळते. पाणी पांढऱ्या मातीच्या भिंतीत मुरते, भिंत फुगते, खांबाचा जोत्याजवळचा भाग कुजतो. त्यात शेजारचा वाडा पाडून तिथे इमारतीचा पाया खणला जातो, आणि दोन वाड्यांच्या सामाईक भिंतीचा आधार निघतो. मग एखाद्या जुलैच्या रात्री सारे खाली येते. दरवर्षी पावसाळ्याच्या तोंडावर महापालिका धोकादायक वाड्यांना नोटिसा देते. कायद्याने ते तिचे कर्तव्यच आहे. पण नोटीस आली की काही मालकांना ती वरदानासारखी वाटते, कारण भाडेकरू निघतील. ताबा गेला की हक्क गेला या भीतीने भाडेकरू जागा सोडत नाही. नोटिशीचा कागद दारावर, माणसे आत, आणि वर पाऊस.

या वाड्यांतली तरणी माणसे गेली कुठे, याचे उत्तर मला एकलहऱ्यात बसून देता येते. ओझरला विमानाचा कारखाना आला, सातपूरला औद्योगिक वसाहत आली, 1970 च्या सुमारास आमच्याकडे वीजकेंद्राचा पहिला संच सुरू झाला. क्वार्टर मिळाली, स्वतंत्र नळ मिळाला, स्वतंत्र संडास मिळाला. चौकातल्या एका नळावर पहाटे चारला नंबर लावणाऱ्या सुनेला त्याचे मोल विचारावे! वाडासंस्कृतीचे गोडवे गाणाऱ्यांनी हा नळ विसरू नये. मी स्वतः वसाहतीतल्या दोन खोल्यांत वाढलो आणि वाड्यातल्या चुलतभावंडांना माझा हेवा वाटे.

मग जगात इतरत्र हे कसे निभावले? धाकटी मुलगी नोकरीनिमित्त ओसाकाला होती, तेव्हा 2018 साली तिने आम्हा दोघांना क्योटोला नेले. गिओनच्या जुन्या पेठेत अशीच पायी फेरी होती. तिथली ‘माचिया’ घरे पाहून सौ. म्हणाली, ‘‘अहो, हे तर आपल्यासारखंच!’’ खरेच होते. रस्त्याला तोंड अरुंद, पुढे दुकान, आत खोल खोल घर, मध्ये उजेडासाठी चिमुकला चौक. फरक असा की तिथे हा प्रश्न केवळ सौंदर्याचा म्हणून सोडून दिलेला नाही. 1975 साली जपानने कायदा दुरुस्त करून एकेका इमारतीऐवजी अख्खी पेठ जपण्याची सोय केली. पुढाकार स्थानिक नगरपालिकेचा, आणि दुरुस्तीच्या खर्चात घरमालकाला नगरपालिकेची व केंद्राची मदत. 1976 च्या पहिल्या यादीत गिओन-शिनबाशी होती. आज अशा पेठा सव्वाशेहून अधिक आहेत. बंधन मुख्यतः बाहेरच्या मुद्रेवर. आत गॅस, गीझर, आधुनिक संडास खुशाल करा. रस्त्यावरून दिसणारे लाकूड आणि कौल मात्र राखा. त्या सुनेच्या नळाचा प्रश्न त्यांनी असा सोडवला.

त्याच यादीतले त्सुमागो हे डोंगरातले छोटे गाव मला अधिक भावले. तिथल्या रहिवाशांनी त्याआधीच, 1971 साली, आपसांत तीन गोष्टी ठरवल्या होत्या : घर विकायचे नाही, भाड्याने द्यायचे नाही, पाडायचे नाही. आमच्या कर्जविभागाला घाम फुटावा असा हा ठराव! पण त्यामुळे बाहेरच्या पैशाला गावात शिरायला फट राहिली नाही.

सगळे आलबेल तिथेही नाही. क्योटोतल्या माचियांची 2016 ची गणती चाळीस हजारांच्या घरात आली, आणि आधीच्या सात वर्षांत पाच हजारांहून अधिक घरे नाहीशी झाली होती. त्यातच 2024 मध्ये गिओनच्या रहिवाशांनी पर्यटकांच्या उच्छादाला कंटाळून खासगी गल्ल्या त्यांना बंद केल्या आणि शिरल्यास दहा हजार येन दंडाचे फलक लावले. आपल्या आजी अजून ‘या, बघा’ म्हणतात. हे अगत्यही गृहीत धरू नये. आमच्या फेरीतले एक गृहस्थ न विचारता त्यांच्या स्वयंपाकघरापर्यंत गेलेच होते.

इतके दूर जायचे नसेल तर अहमदाबादला जावे. तिथे महापालिकेनेच 1997 साली काळूपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंत पायी फेरी सुरू केली. पोळांमधली लाकडी घरे लोकांना दिसू लागली, त्यांच्यामागे धोरण आले, आणि 2017 साली ते जागतिक वारसा शहर झाले. मुंबईने तर 1995 सालीच वारसा नियमावली केली. महाराष्ट्रात वारसा इमारतीच्या मालकाला विकास हक्क हस्तांतरणाची तरतूद आहे. पण वर्षभरात तुळई बदलली नाही तर वाडाच उरणार नाही, त्याला टीडीआरचा कागद कधी आणि कसा पुरणार?

नाशिकपुढे हा प्रश्न आत्ताच उभा आहे, कारण सिंहस्थ. ध्वजारोहण 31 ऑक्टोबर 2026 चे, मुख्य स्नाने 2027 च्या ऑगस्ट-सप्टेंबरात. रस्ते, पूल, घाट यांवर कोट्यवधी खर्च होत आहेत. रस्ते रुंद करा म्हणणाऱ्यांना वारशाचे शत्रू ठरवणेही अन्यायाचे आहे. 27 ऑगस्ट 2003 ला याच गावातल्या अरुंद वाटेवर चेंगराचेंगरी झाली आणि भाविकांचे जीव गेले. गर्दीचा मार्ग मोकळा हवाच. पण गर्दीचा मार्ग कोणता आणि बाजाराची गल्ली कोणती, हे नकाशावर आधी ठरवता येते. सराफ बाजार, भांडी बाजार आणि तीळभांडेश्वर गल्लीतल्या वाड्यांची दारोदार मोजणी करायला अभियांत्रिकी आणि वास्तुकलेच्या महाविद्यालयांतली मुले पुरेशी आहेत. त्यांतला कोणता वाडा खरोखर धोक्याचा आणि कोणता टेका नि कौल मिळाले तर तीस वर्षे उभा राहील, हे नोटिशीवर स्वतंत्र लिहिले गेले पाहिजे. आज दोघांना एकच कागद जातो.

राहिला पैसा. वारसांच्या सह्यांची वाट न पाहता, राहणाऱ्याच्या नावाने, केवळ छप्पर आणि दर्शनी भागापुरते दोन-तीन लाखांचे कर्ज आणि त्याला महापालिकेची हमी, एवढे झाले तरी बँकांचा शेरा बदलेल. तारणाचा प्रश्न हमीने सुटतो. छोट्या उद्योगांच्या कर्जांना आपण वर्षानुवर्षे अशी हमी देतो. दुरुस्ती केली म्हणून मालकी वा भाडेपट्ट्याचा हक्क वाढणार वा घटणार नाही, असे एक वाक्य करारात घातले की मालक आणि भाडेकरू दोघांची भीती जाईल. सिंहस्थाच्या खर्चात ही रक्कम शोधूनही सापडणार नाही इतकी लहान आहे.

फेरीचे शुल्क आम्ही प्रत्येकी भरले. संयोजकांना मी विचारले, यातले काही त्या वाड्याला जाते का? तो तरुण प्रामाणिक होता. म्हणाला, ‘‘काका, द्यायची इच्छा आहे. पण पावती कुणाच्या नावानं फाडू? वारस चौदा आहेत.’’