एकही चेंडू न टाकता

बेसबॉलच्या खेळात मुख्य पिचर थकला की मध्येच पाचारण होणाऱ्या बदली पिचरची कीर्ती बहुधा अल्पजीवीच असते. परंतु १५ सप्टेंबर १९७१ रोजी, ह्यूस्टनच्या ॲस्ट्रोडोममध्ये, अटलांटाविरुद्धच्या सामन्याच्या नवव्या डावात ज्याचे नाव प्रथम पुकारले गेले, त्या २१ वर्षांच्या लॅरी याउंटची कारकीर्द उदयास्ताच्या दृष्टीने केवळ अपूर्व होय. राखीव पिचरांच्या कोपऱ्यात अंग मोकळे करतानाच त्याचे कोपर ठणकू लागले होते, तथापि पहिल्याच बोलावण्याला नकार देण्याचे शहाणपण (आणि ते त्या वयात असावे तरी का?) न दाखविता तो उंचवट्यावर गेला, सरावाचे दोन-चार चेंडू टाकले, वेदना हटेना म्हणून उपचारकास बोलावून एकाही फलंदाजाला सामोरा न जाता परतला, आणि पुन्हा कधीच मेजर लीग या सर्वोच्च श्रेणीच्या मैदानावर रुजू झाला नाही. नाव रीतसर जाहीर झालेले असल्यामुळे दप्तरात मात्र एका सामन्याची हजेरी कायम लागली. पुढचे सारे रकाने कोरे. दुय्यम संघांतून काही वर्षे उमेदवारी करून १९७४ मध्ये तो मिलवॉकीच्या गोटात पोहोचला, तेव्हा जागा मिळाली ती अठरा वर्षांच्या धाकट्या भावाला, रॉबिनला, ज्याने वीस हंगामांत ३,१४२ फटके नोंदवून १९९९ मध्ये सन्मानदालनात प्रवेश मिळविला. लॅरीने ॲरिझोनात जमीनजुमल्याच्या व्यवसायात जम बसविला आणि त्याच भावाचे करारमदारही सांभाळले.