वाफेवरच्या चिनी करंज्या

हल्ली कोणत्याही मोठ्या शहरात संध्याकाळी रेल्वे स्टेशनाबाहेर पडावे, तर एखाद्या गाडीवर ॲल्युमिनियमच्या तीन मजली भांड्यातून वाफ निघत असते आणि भोवती कॉलेजची मुले उभी असतात. हे मोमो. तिबेट, नेपाळ, दार्जिलिंगकडून ते आपल्याकडे आले. विकणारी मुलेही पुष्कळदा तिकडचीच असतात. त्यांच्या चेहऱ्यावरून त्यांना हाका मारणारे लोक आम्ही पाहिले आहेत. माणसाला त्याच्या नावाऐवजी भलत्याच नावाने हाक मारली म्हणजे काय होते, हे निदान आपल्या मुलांना तरी सांगावे लागू नये.

मोमोच्याच कुळातला चीनमधला पदार्थ म्हणजे जिआओत्झ. गव्हाच्या पिठाची पातळ पारी, आत खिमा नाही तर भाजी, आणि आकार थेट आपल्या करंजीचा. तो किती जुना आहे याचा पुरावाही आहे. चीनच्या शिनजियांग भागात तुर्फानजवळ अस्ताना येथे जुनी थडगी आहेत. तेथे तांग राजवटीच्या, म्हणजे इ. स. ६१८ ते ९०७ या काळातल्या, वाळून कडक झालेल्या पण आकार शाबूत असलेल्या अशा करंज्या सापडल्या. ज्या व्यापारी वाटांनी बौद्ध धम्म चीनमध्ये गेला, त्यांच्यावरचेच हे तुर्फान.

आणखी एक गोष्ट आपल्या वाचकांना आवडेल. चिनी पंचांगाच्या बाराव्या महिन्याच्या आठव्या दिवसाला लाबा म्हणतात. तेथील बौद्ध हा दिवस भगवान बुद्धांच्या ज्ञानप्राप्तीचा मानतात. त्या दिवशी धान्ये-कडधान्यांची खीर करतात, आणि उत्तर चीनमध्ये घरोघरी सोललेला लसूण व्हिनेगरमध्ये मुरत घालतात. तो हळूहळू हिरवागार होतो आणि नववर्षाला जिआओत्झबरोबर तोंडी लावायला निघतो.

उत्तर चीनमध्ये नववर्षाच्या आदल्या रात्री सारे घर पोळपाटाभोवती बसते. एकजण गोळे तोडतो, एकजण लाटतो, बाकीचे भरतात आणि मिटतात. आजोबा असतात, सून असते, जावई असतो, पोरेही असतात. कुठे कुठे एका करंजीत नाणे घालतात. ते ज्याच्या वाट्याला येईल त्याचे वर्ष चांगले जाणार, अशी समजूत. नाण्याने वर्ष चांगले जाते यावर आमचा विश्वास नाही, पण पुरुषमाणूस लाटणे हातात घेतो यावर मात्र आमची श्रद्धा बसली. दिवसभर कार्यालयात आकडे जुळवून संध्याकाळी घरी येणाऱ्या आमच्यासारख्या बाईने एकटीने तीस पाऱ्या लाटायच्या आणि बाकीच्यांनी ताटे घेऊन बसायचे, असा हा पदार्थ नव्हेच. तसे होणार असेल तर त्या दिवशी खिचडी टाकावी.

आता कृती. पाव किलो मैदा घ्या. त्यात सुमारे दीडशे मिलीलिटर उकळते पाणी थोडे थोडे ओतत चमच्याने कालवा. हाताला सोसेल इतके निवले की चांगले मळा आणि ओल्या फडक्याखाली अर्धा तास ठेवा. पाणी उकळतेच का, हे नीट समजून घ्यावे. ज्वारीच्या भाकरीला आपण आधणाचे पाणी घालतो, कारण ज्वारीच्या पिठाला स्वतःचा चिकटपणा कमी; गरम पाण्याने ते धरून राहते. मैद्याचे उलट आहे. त्याला चिवटपणा जरुरीपेक्षा जास्त, लाटले की पारी आखडून मागे येते. उकळत्या पाण्याने हा चिवटपणा मोडतो, पारी सहज पसरते आणि वाफेवर मऊ राहते. चिनी लोक याच करंज्या पाण्यात उकडायच्या असतील तर पीठ गार पाण्यात भिजवतात, कारण तेथे पारीने टिकाव धरायला हवा.

चीनमध्ये सारणाला बहुधा डुकराचा खिमा आणि कोबी वापरतात. आपण कोंबडीचा पाव किलो खिमा घ्यावा. तेवढाच, किंवा थोडा कमी, कोबी अगदी बारीक चिरून अर्धा चमचा मीठ लावून वीस मिनिटे ठेवावा आणि मग फडक्यात घट्ट पिळावा. येथे कंटाळा करू नये. कोबीचे पाणी आत राहिले तर पारी खालून भिजून फाटते. खिम्यात किसलेले आले, पातीचा कांदा, दोन लहान चमचे सोया सॉस आणि मिरपूड घालावी. मग चमचा चमचा पाणी घालत एकाच दिशेने ढवळावे, पाणी खिम्याने पिऊन घेतले पाहिजे. कोबी सगळ्यात शेवटी. चव पाहून मीठ बेताने, कारण सोया सॉस खारट असतो. तिकडे भाजलेल्या तिळाचे तेल घालतात. आपल्या कच्च्या तेलाला तो वास नाही. चमचाभर तीळ भाजून कुटून घातले की काम भागते.

मांस न खाणाऱ्यांसाठी भिजवून पिळलेला सोयाबीनचा चुरा, गाजर, अळंबी चालेल. चीनमधील भिक्खू तर शाकाहारीच, आणि त्यांना कांदा-लसूणही वर्ज्य. तरी त्यांच्या विहारांतले जेवण चवदार म्हणून नावाजलेले आहे.

पिठाचे तीस-बत्तीस गोळे करून तीन-सव्वातीन इंचांची पारी लाटावी. कडा पातळ, मधला भाग जाडसर. मध्ये चमचाभर सारण ठेवून अर्धी दुमडावी आणि एका बाजूने चुण्या घालत कडा दाबून मिटावी. चुण्या जमल्या नाहीत तर नुसती दाबावी, चवीत फरक नाही. मुलांच्या हातच्या वेड्यावाकड्या होतील त्याही ठेवाव्यात, फक्त तोंड नीट मिटले आहे ना, एवढे पाहावे.

बांबूची टोपली लागत नाही. कोथिंबीरवडी वाफवतो तसे पातेले आणि वर चाळणी पुरे. चाळणीत कोबीची पाने अंथरावीत म्हणजे चिकटत नाही. करंज्या फुगतात, म्हणून अंतर ठेवावे. पाणी उकळू लागल्यावरच चाळणी चढवावी. आपल्या झाकणाला आतून वाफेचे थेंब धरतात आणि खाली गळतात. बांबूचे झाकण ते शोषून घेते. म्हणून झाकणाला कोरडे फडके बांधावे, त्याची टोके मात्र वर घ्यावीत, खाली आच असते. भाजीच्या करंज्यांना आठ मिनिटे, खिम्याच्या करंज्यांना बारा. पहिल्या घाण्यातली एक फोडून पाहावी. कोंबडी आत गुलाबी दिसली तर आणखी वाफ द्यावी. गाड्यावर घाईत हेच राहून जाते.

बरोबर लाल तिखट चटणी हवीच असे नाही. सोया सॉस, दुप्पट व्हिनेगर आणि आल्याचे बारीक तुकडे, एवढे पुष्कळ झाले. उरलेल्या कच्च्या करंज्या ताटात सुट्या ठेवून बर्फाच्या कप्प्यात गोठवाव्यात. लागतील तेव्हा न वितळवता तशाच वाफेवर ठेवाव्यात, तीन-चार मिनिटे जास्त लागतात. शिजवलेल्या उरल्या तर थंड कप्प्यात ठेवून दुसऱ्या दिवशी सकाळी तव्यावर थोड्या तेलात खालून लाल कराव्यात, दोन चमचे पाणी शिंपडून झाकण घालावे आणि पाणी आटले की डब्यात भराव्यात.