गाणे आपले, कमाई कुणाची?



जयंतीच्या तयारीसाठी धुळ्याचा आमचा भाचा जळगावला आला, तो खिशात पेनड्राइव्ह घेऊन. "मामा, साडेतीनशे भीमगीते आहेत. एक पैसाही लागला नाही!" आम्ही पडलो कारकून. फुकट म्हटले की आमचा जीव आधी अस्वस्थ होतो. उघडून पाहिले, तर एकाही गाण्यापुढे कवीचे नाव नाही, गायकाचे नाव नाही. सगळ्या गाण्यांवर नाव एकच, ते ज्या चोरट्या संकेतस्थळावरून उतरवली त्याचे! वामनदादांच्या गाण्यावरही तेच.

हे आम्हाला झोंबले. वामनदादा कर्डक सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे. त्यांनी अक्षरे गिरवली तीच मुळी मोठेपणी. मग जन्मभर गावोगाव फिरून त्यांनी बाबासाहेब माणसांच्या तोंडी दिले. २००४ साली ते गेले. कायद्याने कवीचा हक्क त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षे, म्हणजे या शब्दांवरचा हक्क २०६४ अखेरपर्यंत जिवंत आहे. आणि इथे साधे नावही पुसलेले!

आम्ही काही धुतल्या तांदळासारखे नाही. कॅसेटच्या काळात वस्तीत एकाने कॅसेट विकत घ्यायची आणि दहा जणांनी ती डबल डेकवर उतरवून घ्यायची, हे आम्हीही केले आहे. पण त्या कॅसेटवर आम्ही बॉलपेनने गायकाचे नाव तरी लिहीत होतो. आणि त्यातून कुणी धंदा करीत नव्हते.

आता धंदा आहे. गाणे फुकट, सिनेमा फुकट, पण पान उघडले की जुगाराच्या जाहिराती अंगावर येतात. जाहिरातीचा पैसा संकेतस्थळवाल्याला. एक नाव बंद केले की दुसऱ्या दिवशी तेच दुकान दुसऱ्या नावाने सुरू! म्हणून तर दिल्ली उच्च न्यायालयाने २०१९ साली अशी नावे बदलणारी संकेतस्थळे नवा दावा न लावता बंदीच्या यादीत घेण्याची वाट मोकळी केली. सिनेमाच्या चोरीला २०२३ च्या दुरुस्तीने तीन महिने ते तीन वर्षे कैद आणि किमान तीन लाख दंड ठेवला आहे. नागराज मंजुळे यांचा 'सैराट' २९ एप्रिल २०१६ ला लागला. थोड्याच दिवसांत त्याच्या चोरट्या प्रती मोबाइलवर फिरू लागल्या. तरी तालुक्या-तालुक्यांतून लोकांनी थिएटरे भरली म्हणून तो तरला. आपल्या एखाद्या पोराने कर्ज काढून केलेल्या पहिल्या सिनेमाला असा लोंढा कुठला मिळायला?

भाचा मात्र बी.ए.चा विद्यार्थी, ऐकून घेणारा नव्हे. म्हणाला, "मामा, गायकांकडून कंपन्यांनी एकरकमी पैसे देऊन गाणी घेतली. विकत घेतले तरी पैसा कंपनीलाच जातो ना?"

यावर आम्ही थोडा वेळ गप्प बसलो, कारण त्यात खोटे काही नाही. आपल्या कितीतरी गायकांनी सुपारीवरच, म्हणजे रात्रीच्या कार्यक्रमांवरच संसार ओढला. रेकॉर्डिंगचे हाती काही लागले नाही. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकाराचा रॉयल्टीतला वाटा कंपनीला लिहून घेता येत नाही, हे आम्ही त्याला सांगितले. पण वाटा पोचवायचा तर गीत कुणाचे हे नोंदलेले हवे. नावच पुसले तर पैसे पाठवायचे कुठल्या पत्त्यावर?

एवढे त्याला पटले. त्या रात्री शेजारच्या एका वृद्ध गायकांना बोलावले. एकेक गाणे लावायचे, ते कवीचे नाव सांगायचे, आम्ही वहीत उतरवायचे. बारा वाजेपर्यंत ऐंशी नावे झाली. दोन गाणी खुद्द त्यांचीच निघाली! ती कुणी, केव्हा चढवली, त्यांना पत्ताच नव्हता. म्हातारबांनी चहाचा कप खाली ठेवला आणि ते गाणे पुन्हा लावायला सांगितले.

मिरवणुकीत भाच्याच्या मंडळाने प्रत्येक गाण्याआधी कवी-गायकाचे नाव पुकारले. नाव सापडले नाही ती गाणी बाजूला ठेवली आहेत. धुळे-जळगावकडच्या ज्या वाचकांच्या घरी जुन्या कॅसेटची वेष्टणे असतील, त्यांनी कृपया त्यावरची नावे आम्हाला लिहून कळवावीत.